हॅम्बुर्गच्या पाण्यात रॉटरडॅम

मी एक जुना सिनेमाचा कॅमेरा आहे. मला वीज लागत नाही, किल्ली लागते. किल्ली पूर्ण फिरवली की मी जेमतेम अर्धा मिनिट चालतो आणि थांबतो. मग पुन्हा किल्ली, पुन्हा अर्धा मिनिट. त्यामुळे मित्रांनो, जग मी कधीच सलग पाहिलं नाही. तुकड्यातुकड्यांनी पाहिलं. पण जे पाहिलं ते नीट पाहिलं.

माझा जन्म स्वित्झर्लंडमधल्या एका डोंगराळ गावात झाला. तिथली माणसं पिढ्यान् पिढ्या घड्याळं करत आली होती, म्हणून माझ्या पोटातली कमानही त्यांनी घड्याळाच्या कमानीसारखीच जपून बसवली. एका म्हाताऱ्या कारागिराने मला कानाशी धरलं, माझी घरघर ऐकली आणि मान डोलावली. माझ्या आयुष्यातलं ते पहिलं कौतुक.

मला विकत घेतलं लेन्डर्टने. तो हॉलंडमधल्या रॉटरडॅमचा. बंदरात जहाजं पाण्यात सोडण्याचे समारंभ, लोकांची लग्नं, शाळांच्या सहली, असं काहीबाही तो टिपायचा. त्याची बायको रीका त्याच्याबरोबर असायची. लेन्डर्टचा एक डोळा माझ्या मागच्या बारीक खिडकीला चिकटलेला असायचा, त्यामुळे बाकीचं सगळं रीकाला बघावं लागे. ट्राम येतेय का, कुणी मध्ये येतंय का, लेन्डर्ट चालत चालत कालव्यात तर पडत नाही ना.

रिळांचं कामही तिचंच. नवं रीळ पत्र्याच्या डब्यातून येतं. डब्याच्या कडेला गोल चिकटपट्टी असते. आमच्या शहरात चांगली वस्तू फेकून देत नाहीत. रीका ती पट्टी अलगद सोडवायची, स्वतःच्या बाहीला चिकटवून ठेवायची, आणि वापरून झालेलं रीळ डब्यात गेलं की तीच पट्टी झाकणावरून आडवी लावायची. कडेला गोल पट्टी म्हणजे रीळ नवं, झाकणावर आडवी म्हणजे वापरलेलं. इतकी साधी पद्धत होती. लिहायची गरज नव्हती. अंधारात बोट फिरवूनही कळायचं.

मग युद्ध आलं. मे महिन्यातल्या एका दुपारी जर्मन विमानांनी बॉम्ब टाकले आणि शहराचा मधला भाग जळून गेला. आमचं घर नदीच्या दक्षिणेला होतं, म्हणून उरलं. जर्मन शिपाई लोकांकडचे रेडिओ आणि सायकली उचलून नेत होते. रीकाने मला फडक्यात गुंडाळून बटाट्यांच्या पेटीत तळाशी ठेवलं, वर बटाटे ओतले. पाच वर्षं मी तिथे होतो. शेवटच्या हिवाळ्यात माझ्या अंगावरचे बटाटे कमी होत गेले आणि एक दिवस वर काहीच उरलं नाही. शहरात खायला काही नव्हतं. लोक फुलांचे कंद उकडून खात होते.

त्या दिवसांत एक शेतकरी दारात आला. कॅमेऱ्याच्या बदल्यात बटाट्यांची दोन पोती देतो म्हणाला. लेन्डर्ट लगेच तयार झाला. रीका नाही म्हणाली. "पोती महिन्यात संपतील," ती म्हणाली, "आणि मग तू पुढची तीस वर्षं काय करशील?" शेतकरी निघून गेला. फेब्रुवारीत रीकाला ताप आला. अंगात काही उरलंच नव्हतं. आठ दिवसांत ती गेली.

युद्ध संपल्यावर लेन्डर्टने मला पेटीतून काढलं आणि कपाटात ठेवलं. चार वर्षांत त्याने मला एकदाही हात लावला नाही. माझ्यातलं तेल घट्ट झालं, भिंगावर बुरशीचा ठिपका आला. कपाटातून टॉवेल घ्यायला तो यायचा तेव्हा माझ्याकडे न बघता घ्यायचा. तो का बघत नाही हे मला माहीत होतं. दोन पोत्यांच्या जागी मी उरलो होतो.

रीकाची धाकटी बहीण तोनिया दर शनिवारी यायची. ती गोदी कामगारांच्या उपाहारगृहात काम करायची, आवाज मोठा, चाल भरभर. एका शनिवारी तिने कोट काढण्याआधीच सांगितलं, "भावोजी, मी तुमच्या वतीने हो सांगून आलेय."

"कोणाला?"

"आमच्या कामगार संघाच्या सचिवांना. त्यांना पंधरा मिनिटांचा सिनेमा हवाय. ल हाव्र, रॉटरडॅम, हॅम्बुर्ग. युद्धात मोडलेली तीन बंदरं पुन्हा कशी उभी राहतायत ते."

"मला न विचारता?"

"विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असतात. तेवढा वेळ वाचवला."

लेन्डर्ट चिडला, पण तोनियाशी वाद घालून कोणी जिंकल्याचं मला आठवत नाही. शेवटी त्याने एक अट घातली. हे काम शेवटचं. सिनेमा दाखवून झाला की कॅमेरा विकायचा आणि गोदामावर पहारेकऱ्याची नोकरी धरायची. दुसऱ्याच दिवशी तो मला एका दुकानदाराकडे घेऊन गेला. दुकानदाराने मला उलटसुलट करून पाहिलं, भिंगावरच्या ठिपक्याला नाक मुरडलं आणि जूनच्या शेवटी घेईन म्हणाला.

मित्रांनो, आपली विक्री ठरलेली असताना काम करणं कसं असतं ते मी तुम्हाला काय सांगू. तरी लेन्डर्टने मला उघडून साफ केलं, नवं तेल घातलं, आणि किल्ली फिरवल्यावर मी चाललो. त्याने मला कानाशी धरलं. मान मात्र डोलावली नाही.

सचिवांचं म्हणणं सरळ होतं. दगडविटा आमच्या दारात पडल्यात, त्या बघायला आम्ही सभागृहात येणार नाही, आम्हाला माणसं दाखवा.

फ्रान्समधल्या ल हाव्र बंदरात माणसं लाकडी बराकींमध्ये राहत होती. बराकींच्या मधल्या दोरीवर धुणं, धुण्यामागे सिमेंटचे नवे खांब, खांबांमागे समुद्र. लेन्डर्टने सगळं नीट टिपलं. पण एखादं मूल भिंगाकडे बघून हसलं की पूर्वी त्याच्याही गालाला सुरकुती पडायची आणि ती माझ्या पत्र्याला जाणवायची. आता जाणवली नाही.

मग आमचं स्वतःचं शहर. मध्यभाग अजून रिकामा होता, नुसती वाळू. सकाळपासून संध्याकाळपर्यंत यंत्रं जमिनीत खांब ठोकत आणि त्याचा ठोका साऱ्या शहरात ऐकू येई. दुपारच्या सुट्टीत लेन्डर्ट एका छोट्या होडीत उतरला. धक्क्याच्या काठावर कामगार ओळीने बसले होते, पाय खाली सोडून. त्यांच्यात तोनियाही होती. सगळे पाव खात होते, चांगला जाड पाव, मध्ये चीज. लेन्डर्टने खालून वर मला धरलं. वरच्या अर्ध्या भागात माणसं, खालच्या अर्ध्या भागात धक्क्याची काळी भिंत.

ते रीळ फार चांगलं झालं. एक कामगार दुसऱ्याच्या पावातलं चीज हळूच ओढत होता. तोनिया घास भरल्या तोंडाने ओरडत होती की, भावोजी, इतक्या जवळून नको, दात दिसतील. आणि लेन्डर्टच्या गालाला सुरकुती पडली. चार वर्षांनी.

त्या आनंदातच चूक झाली. रीळ संपलं, त्याने ते डब्यात ठेवलं. तोनियाने वरून कॉफीचा कप खाली धरला होता आणि ती बोलायची थांबत नव्हती. एका हातात कप, एका हातात चिकटपट्टी. त्याने पट्टी लावली, पण कडेला गोल. डबा बंद करायचा एवढंच त्याच्या मनात होतं. आडवी पट्टी लावणं हे त्याच्या हातांचं काम कधी नव्हतंच.

मी ते पाहिलं. पण मला बोलता येत नाही.

जूनमध्ये आम्ही जर्मनीत, हॅम्बुर्गला पोहोचलो. तिथल्या गोदी कामगारांनी आमची सोय एका पडावावर केली. बंदरात इकडचा माल तिकडे नेणारा, डांबर फासलेला काळा पडाव. मालक हिनर्क, साठीचा, आणि त्याची बायको मेटा. त्यांचं घर बॉम्बच्या आगीत गेलं होतं, तेव्हापासून पडाव हेच घर. पुढे कोळसा, मागे चूल, चुलीशेजारी खिडकीत कुंडी. हिनर्कची बोली आमच्या बोलीच्या इतकी जवळची होती की सावकाश बोललं तर दोघांना एकमेकांचं कळायचं. लेन्डर्ट सावकाश बोलला नाही. तो बोललाच नाही.

दोन दिवसांत त्याने हॅम्बुर्गसाठी आणलेली तिन्ही रिळं संपवली. काय टिपलं? क्रेन. पाणी. बुडालेल्या जहाजांच्या वर आलेल्या डोलकाठ्या. पुन्हा क्रेन. माणूस समोर आला की तो मला थांबवायचा आणि माणूस जाईपर्यंत वाट बघायचा. माझ्या भिंगासमोर हॅम्बुर्गचा एकही चेहरा येऊ द्यायचा नाही, हे त्याने ठरवलेलं होतं. सचिवांना काय हवंय ते त्याला ठाऊक होतं. या सिनेमात माणसं अपुरी पडतील, काम फसेल, आणि तो मोकळा होईल, असंही त्याला वाटत असावं.

हिनर्क हे बघत होता. शेवटी म्हणाला, "पाहुणे, तुमचा सिनेमा बघून लोकांना वाटेल हे बंदर माणसं नव्हे, हे लोखंडी बगळेच चालवतात."

मेटा आतून म्हणाली, "तुम्ही गप्प बसा हो. त्यांच्या शहराचं काय झालं ते ठाऊक आहे ना? मग कोणत्या तोंडाने फोटो काढून मागता?"

मग मेटाने जेवण वाढलं. सालासकट उकडलेले बटाटे आणि खारवलेला मासा. सहा बटाटे होते. तिने लेन्डर्टच्या ताटलीत तीन ठेवले, नवऱ्याला दोन, स्वतःला एक. लेन्डर्ट त्या बटाट्यांकडे बघत राहिला. हात पुढे गेलाच नाही.

मासा आवडत नाही का, असं मेटाने विचारलं. तेव्हा त्याने सांगितलं. चार वर्षांत तोनियालाही न सांगितलेलं त्याने एका जर्मन बाईला तिच्या चुलीशेजारी बसून सांगितलं. तो शेतकरी, ती दोन पोती, रीकाचं नाही म्हणणं, तो ताप. सावकाश सांगितलं, म्हणून त्यांना सगळं कळलं. शेवटी तो म्हणाला, "मी तिचं ऐकायला नको होतं. अजून रोज तिला सांगतो, तू चुकलीस."

पडाव पाण्यावर हलत होता.

मग मेटा म्हणाली, "मेलेल्या बायकोशी भांडतोस होय रे बाबा? जिवंत असताना तरी कधी जिंकला होतास का तिच्यापुढे?"

लेन्डर्टने वर पाहिलं. तो हसला नाही, पण म्हणाला, "नाही. एकदाही नाही."

"मग आता कसा जिंकशील?" मेटा म्हणाली. "तिने तुला उपाशी ठेवलं नाही. तुझ्या पुढच्या दिवसांची सोय करून गेली ती. ते तू कपाटात कोंडून ठेवलंस. खा आता, निवतंय."

तो जेवला. तिन्ही बटाटे खाल्ले. जेवण झाल्यावर त्याने पिशवी उलटी केली. एक डबा निघाला, कडेला गोल पट्टी. त्याचा चेहरा उजळला. एक रीळ शिल्लक राहिलं होतं तर!

मी जिवाच्या आकांताने अडून बसावं असं मला वाटलं. माझ्या पोटात येणाऱ्या त्या फितीवर तोनिया होती, पाव होता, अख्खी दुपार होती. पण कमान ताणली की मला चालावंच लागतं.

तो पडावाच्या लहान होडीत उतरला आणि खालून वर बघत चेहरे टिपू लागला. वरती काठावर मेटा, मांडीवर टोपली, संध्याकाळचे बटाटे सोलतेय. शेजारी हिनर्क पाईप ओढतोय. बाजूच्या पडावावरच्या बायकाही येऊन बसल्या, एकीने केस सारखे केले. खाली डांबराची काळी बाजू आणि काळं पाणी. अर्धा मिनिट, किल्ली, अर्धा मिनिट, किल्ली. लेन्डर्टच्या गालाची सुरकुती माझ्या पत्र्यावरून हललीच नाही.

रिळं धुऊन आली ती रॉटरडॅमला. घरी पडदा लावून लेन्डर्टने ती एकेक करून पाहिली. त्या शेवटच्या डब्याशी आला आणि खुर्चीत खाली बसला. त्याने मोजलं. रॉटरडॅमचं एक रीळ कमी होतं, आणि या एका रिळावर दोन शहरं होती.

तोनिया आली तेव्हा तो यंत्र बंद करून बसला होता. सगळं वाया गेलं म्हणाला. आपली माणसंही गेली आणि त्यांचीही. पट्टी, डबा, कॉफी, सगळं त्याने सांगितलं. तोनियाचा आवाज पहिल्यांदाच लहान झाला. ताईचं काम होतं ते, एवढंच ती म्हणाली. मग म्हणाली, लावा तरी, बघू दे मला.

त्याने लावलं. मित्रांनो, वापरलेलं रीळ चुकून पुन्हा घातलं की ते शेवटाकडून सुरू होतं, म्हणून जुनी चित्रं डोकं खाली पाय वर अशी होतात आणि मागे मागे चालतात. पडद्यावर वरच्या अर्ध्या भागात मेटा बटाटे सोलत होती. आणि खाली, हॅम्बुर्गच्या काळ्या पाण्यात, रॉटरडॅमची माणसं उलटी दिसत होती, जणू मेटाच्या पडावाचीच सावली पाण्यात पडलीय. ओळीने बसलेली, पाय वर, डोकी खाली. आणि ती पाव खात नव्हती. पाव त्यांच्या तोंडातून बाहेर येत होता. तोनियाच्या हातातला तुकडा घासागणिक मोठा होत गेला आणि शेवटी अख्खा पाव तिच्या हातात आला.

तोनिया हसत सुटली. हसता हसता तिने डोळे पुसले. मग म्हणाली, "भावोजी, पाच वर्षं हेच मागत होतो आपण. खाल्लेलं परत हातात येऊ दे."

तो तुकडा कापायला घेतलेली कात्री लेन्डर्टने बाजूला ठेवली. तो तुकडा सिनेमात तसाच राहिला.

कामगारांच्या सभागृहात सिनेमा दाखवला तेव्हा तीनशे माणसं होती. आवाज फितीवर नव्हता, लेन्डर्ट स्वतः पडद्याशेजारी उभा राहून सांगत होता. ल हाव्रचं धुणं पाहून बायका आपसात बोलल्या. खांब ठोकणारं यंत्र आलं तेव्हा टाळ्या पडल्या. मग तो तुकडा आला. पहिल्यांदा कोणाला कळेना. मग बास्तियान उठला. बास्तियान जुना कामगार, त्याचा मुलगा युद्धात गेला होता. तो म्हणाला, "त्यांची माणसं वर आणि आपली खाली, डोक्यावर उभी? लाज वाटायला हवी, लेन्डर्ट."

कुजबुज सुरू झाली. काही जण टोप्या घालू लागले. लेन्डर्टचा हात माझ्यावर होता, बाजूच्या टेबलावर मी ठेवलेला होतो.

तोनिया मागच्या रांगेतून ओरडली, "मग उलटं लावून दाखवा ना, भावोजी. बास्तियानकाकांना वर बसवा."

लोक हसले. पण लेन्डर्टने ते खरंच केलं. दिवे लावले, फीत काढली, दुसऱ्या टोकाकडून यंत्रात घातली, दिवे घालवले. आता रॉटरडॅम सरळ झालं. कामगार धक्क्यावर ओळीने बसले होते आणि पाव खात होते, आणि त्यांच्या पायाखालच्या काळ्या भिंतीत, पाण्यात दिसावी तशी, हॅम्बुर्ग उलटं लटकलं होतं. मेटाच्या सुरीतून निघालेली सालं परत बटाट्यावर जाऊन बसत होती आणि बटाटा अख्खा होत होता. एक, दोन, तीन.

बास्तियान उभाच होता. बराच वेळ बघत राहिला. मग त्याने विचारलं, "ती बाई काय सोलतेय?"

"बटाटे," लेन्डर्ट म्हणाला.

"नुसतेच?"

"बरोबर थोडा मासा. सहांतले तीन मला दिले तिने."

बास्तियान खाली बसला. त्याने काही कबूल केलं नाही, माफ केलं नाही. फक्त शेजाऱ्याला म्हणाला की सरक, मला नीट दिसत नाहीये. आणि तुकडा संपल्यावर त्यानेच आधीसारखा एकदा लावायला सांगितला.

दुसऱ्या दिवशी दुकानदार ठरल्याप्रमाणे आला. लेन्डर्ट खिडकीशी बसून माझ्या भिंगावरचा बुरशीचा ठिपका काढत होता. कॅमेरा विकायचा नाही, असं त्याने सांगितलं. दुकानदार कुरकुरला, शब्द दिला होता म्हणाला. लेन्डर्टने त्याची माफी मागितली, कॉफी पाजली, आणि तो गेल्यावर पुन्हा ठिपक्याकडे वळला. गोदामाचा पहारा दुसऱ्या कोणीतरी केला.

त्यानंतर आम्ही बावीस वर्षं काम केलं. पुष्कळ बंदरं पाहिली, पुष्कळ चेहरे. तोनिया बरोबर असायची. तिने डब्यांवर मोठ्या अक्षरात लिहायला सुरुवात केली आणि तरी दोनदा घोळ घातला, त्याबद्दल ती कधीच बोलू द्यायची नाही. लेन्डर्ट म्हातारा होऊन गेला. आता मी कामगार संघाच्या वाचनालयात काचेच्या कपाटात असतो. शाळेची मुलं येतात, नाक काचेला लावून बघतात. ग्रंथपाल बाई महिन्यातून एकदा मला बाहेर काढतात आणि एखाद्या मुलाला किल्ली फिरवू देतात. माझी घरघर अजून चांगली आहे असं त्या म्हणतात.

मित्रांनो, तुम्ही मला जपा असं मी म्हणणार नाही. मी पुष्कळ जपला गेलोय. माझं मागणं दुसरं आहे. तुमच्या घरात किंवा गल्लीत कोणी एकटा उरलेला माणूस असेल. तो काम सोडून बसला असेल, नको म्हणत असेल, चिडतही असेल. त्याच्याजवळ बसून नुसतं वाईट वाटून घेऊ नका. उद्या सकाळी त्याच्या दारात जा आणि त्याला येतं तेच काम त्याच्याकडे मागा.